पुराव्यापलीकडचं खरं

अकरावीला आर्ट्सला प्रवेश घेतला तेव्हा तर्कशास्त्र हा विषय मी एकाच कारणानं निवडला होता. त्यात मार्क चांगले पडतात, असं कॉलेजात सगळ्या म्हणत. वर्गात आम्ही मोजून दहा-अकरा जण. सर फळ्यावर लिहायचे : सगळे पक्षी पाण्यात राहतात, चिमणी पक्षी आहे, म्हणून चिमणी पाण्यात राहते. आम्ही हसायचो. सर म्हणायचे, हसता काय, मांडणीत चूक दाखवा. आणि खरंच, मांडणीत चूक नसायची. चूक असायची पहिल्या वाक्यात. पहिलंच वाक्य खोटं धरून चाललं, की पुढची पावलं कितीही बिनचूक पडोत, माणूस भलतीकडेच जाऊन पोचतो. लग्न झालं, संसार सुरू झाला, तर्कशास्त्राचं पुस्तक केव्हाच रद्दीत गेलं. पाण्यातली चिमणी मात्र डोक्यातून गेली नाही.

ती परत आठवली ती कुर्ट गोडेल या माणसाचं आयुष्य वाचताना. विसाव्या शतकातला सगळ्यात मोठा तर्कशास्त्रज्ञ म्हणून जग त्याला ओळखतं. मैत्रिणींनो, नाव ऐकून पान उलटू नका. ही गोष्ट आकडेमोडीची कमी आणि संसाराची जास्त आहे. शिवाय माझ्या हातून झालेल्या एका चुकीचा अर्थ मला या गोष्टीतून कळला. ती चूक शेवटी सांगते.

कुर्टचा जन्म २८ एप्रिल १९०६ चा, ब्रनो शहरातला. तेव्हा ते ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होतं, आज चेक प्रजासत्ताकात आहे. वडील कापडाच्या कारखान्यात वरच्या जागेवर, घरात सुबत्ता. थोरला भाऊ रुडॉल्फ पुढे डॉक्टर झाला. धाकटा कुर्ट दिवसभर आईच्या मागे प्रश्न घेऊन फिरायचा. हे असंच का आणि ते तसंच का, असं विचारून त्यानं इतकं भंडावलं, की घरच्यांनी त्याचं नावच ‘मिस्टर का’ ठेवलं. असं एखादं पोर आपल्याही घरात असतंच, नाही का?

लहानपणी त्याला संधिवाताचा ताप आला आणि तो बराही झाला. पण त्यानं वैद्यकाची पुस्तकं वाचली. या तापानं हृदय कमकुवत होऊ शकतं, असं त्यात होतं. झालं! आपलं हृदय बिघडलंच आहे, हे त्यानं मनाशी पक्कं केलं. डॉक्टरांनी काहीही सांगितलं तरी ती समजूत जन्मभर सुटली नाही. पाण्यातली चिमणी त्याच्या आयुष्यात इतक्या लवकर आली.

१९२४ मध्ये तो शिकायला व्हिएन्ना विद्यापीठात गेला. आधी भौतिकशास्त्र आणि मग गणित. तिथे मोरित्झ श्लिक नावाच्या प्राध्यापकांभोवती विद्वानांची एक मंडळी जमायची. त्यांचं म्हणणं साधारण असं, की जे पडताळून पाहता येत नाही त्यावर बोलण्यात अर्थ नाही, आणि गणित म्हणजे आपणच ठरवलेल्या भाषेच्या नियमांचा खेळ. कुर्ट या बैठकांना जायचा, एका बाजूला बसून ऐकायचा, बोलायचा फारच कमी. पण त्याला ते पटत नव्हतं.

त्याला काय वाटायचं, ते मी माझ्या लेकीच्या प्रश्नावरून सांगते. ती पहिलीत असताना मी तिला बांगड्या मांडून अंक शिकवत होते. या पाच बांगड्या, ही पाच बोटं, ह्या पाच पोळ्या. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, की मग नुसता पाच कुठे असतो? मी गप्प! बांगड्या फुटल्या तरी पाच फुटत नाही, पोळ्या खाल्ल्या तरी पाच संपत नाही. तो दिसत नाही, हाताला लागत नाही, पण पाचात तीन मिळवले की आठच होतात. तुमच्या-माझ्या मर्जीनं नऊ होत नाहीत. अशा न दिसणाऱ्या गोष्टींना अभ्यासक अमूर्त वस्तू म्हणतात. त्या माणसानं कल्पिलेल्या, की माणूस नसता तरी त्या असत्याच, हा प्रश्न थेट प्लेटोपासून चालत आलेला आहे. गोडेलचं उत्तर ठाम होतं. त्या आहेतच. आपण त्या घडवत नाही, आपल्याला त्या सापडतात. डोळ्यांना जसं झाड दिसतं, तसं बुद्धीला काही प्रमाणात हे जग दिसतं, असं तो मानायचा.

त्या काळात डेव्हिड हिल्बर्ट हे गणितातलं फार मोठं नाव होतं. सगळं गणित थोड्या पक्क्या नियमांवर बसवावं आणि त्या नियमांतून कधीच विसंगती निघणार नाही हे सिद्ध करावं, अशी त्यांची जिद्द होती. सप्टेंबर १९३० मध्ये क्योनिग्सबर्ग शहरात एक परिषद भरली. शेवटच्या दिवशी चर्चेत चोवीस वर्षांचा कुर्ट हळू आवाजात एक-दोन वाक्यं बोलला. बहुतेकांच्या लक्षातही आलं नाही. जॉन फॉन नॉयमन या तरुण गणितज्ञानं तेवढं ते पकडलं. गंमत बघा, दुसऱ्याच दिवशी त्याच शहरात हिल्बर्ट यांनी भाषण करून सांगितलं, की गणितात न सुटणारा प्रश्नच नसतो. आदल्या दिवशी काय घडून गेलं, याचा त्यांना पत्ताच नव्हता!

कुर्टनं काय दाखवलं होतं? आपल्या बचत गटाची ठरावाची वही डोळ्यांपुढे आणा. प्रत्येक ठरावाला क्रमांक असतो. समजा या वहीत काही नियम आहेत आणि त्या नियमांनी जे निघतं ते सिद्ध झालं असं आपण धरतो. आता कुणीतरी सतरा क्रमांकाला लिहिलं, की ठराव क्रमांक सतरा या वहीच्या नियमांनी सिद्ध होणार नाही. जरा थांबून विचार करा. वहीनं तो सिद्ध केला, तर वहीनं एक खोटी गोष्ट सिद्ध केली असं होईल. वही खोटं सिद्ध करणारी नसेल, तर सतरा क्रमांक सिद्ध होणारच नाही. आणि तो ठराव तरी दुसरं काय म्हणतो? म्हणजे तो खरा आहे, पण वहीला सिद्ध करता येत नाही.

गोडेलनं हीच युक्ती अंकगणितात केली. गणिताच्या प्रत्येक वाक्याला त्यानं एक संख्या दिली, त्यामुळे संख्यांबद्दलचं वाक्य स्वतःबद्दलही बोलू लागलं. अंकगणित ज्यात मावतं आणि ज्यात विसंगती नाही, अशी नियमांची कुठलीही चौकट घ्या, तिच्यात काही गोष्टी खऱ्या असूनही सिद्ध न होणाऱ्या राहणारच. पुढे तो असंही म्हणाला, की आपल्यात विसंगती नाही हेसुद्धा त्या चौकटीला स्वतःच्या बळावर सिद्ध करता येत नाही. आपल्या चांगुलपणाचं सर्टिफिकेट आपणच लिहून चालत नाही, तसंच काहीसं. १९३१ मध्ये हे छापून आलं. अपूर्णतेची प्रमेयं म्हणून ती आजही शिकवतात. १९३६ मध्ये ॲलन ट्युरिंग यांनी याच वाटेनं पुढे जाऊन कल्पनेतलं एक यंत्र मांडलं आणि संगणकशास्त्राचा पाया घातला.

आता संसाराकडे वळू.

विद्यार्थी असतानाच कुर्टची ओळख आडेलशी झाली. ती त्याच्याहून साडेसहा वर्षांनी मोठी, घटस्फोटित, फार न शिकलेली आणि रात्रीच्या क्लबात नाचणारी. एवढं एकच वाक्य आपल्याकडच्या एखाद्या आईसमोर उच्चारून बघा, म्हणजे कुर्टच्या घरी काय झालं असेल ते कळेल. वडील १९२९ मध्ये गेले, पण आईचाही विरोध कायम होता. लग्नाला वर्षानुवर्षं लागली. दोघं विवाहबद्ध झाले ते २० सप्टेंबर १९३८ ला.

या मधल्या वर्षांत आडेलनं काय केलं ते बघा. २२ जून १९३६ ला प्राध्यापक श्लिक यांचा विद्यापीठाच्या पायऱ्यांवर गोळ्या घालून खून झाला. मारणारा त्यांचाच जुना विद्यार्थी. या धक्क्यानं कुर्ट कोलमडला. आपल्याला कुणीतरी विष घालणार, ही भीती त्याच्या मनात घर करून बसली. कितीतरी दिवस आरोग्यधामात काढावे लागले. तो जेवेना. तेव्हा आडेल त्याच्या पानातला पहिला घास स्वतः खायची, मग चमच्यानं त्याला भरवायची. असं करत करत तिनं त्याला पुन्हा उभं केलं. तोवर ती त्याची बायकोही झालेली नव्हती.

१९३८ मध्ये नाझींनी ऑस्ट्रिया गिळला. १९३९ मध्ये एकदा व्हिएन्नाच्या रस्त्यात टोळक्यानं कुर्टला ज्यू समजून घेरलं, चष्मा उडवला. तो ज्यू नव्हता, पण टोळकं असल्या गोष्टी विचारत बसत नाही. आडेल सोबत होती. तिनं हातातली छत्री उगारली आणि त्या पोरांना पळवून लावलं. पुढे सैन्यात भरतीची टांगती तलवार आली, तेव्हा जानेवारी १९४० मध्ये दोघांनी देश सोडला. युद्धामुळे अटलांटिकची वाट धोक्याची. म्हणून उलट्या दिशेनं, रशियातून सायबेरियाच्या रेल्वेनं जपान गाठलं, तिथून बोटीनं पॅसिफिक ओलांडून मार्चमध्ये अमेरिका. मग प्रिन्स्टन. तिथल्या इन्स्टिट्यूट फॉर ॲडव्हान्स्ड स्टडी या संस्थेत तो अखेरपर्यंत राहिला.

तिथे त्याला सोबत मिळाली अल्बर्ट आइनस्टाईन यांची. सत्तावीस वर्षांनी मोठे, मोकळेढाकळे आइनस्टाईन आणि उन्हाळ्यातही ओव्हरकोट घालणारा बारीक कुर्ट, दोघं रोज बोलत बोलत घरी चालत जायचे. १९४७ मध्ये अमेरिकेचं नागरिकत्व मिळवण्यासाठी कुर्टनं राज्यघटना बारकाईनं वाचली आणि तिच्यात हुकूमशाही आणता येईल अशी एक फट आहे, असा निष्कर्ष काढला. मुलाखतीत न्यायाधीशांसमोर त्यानं ते सांगायला सुरुवातही केली! सोबत साक्षीदार म्हणून आलेल्या आइनस्टाईन आणि ऑस्कर मॉर्गनस्टर्न या मित्रांचा जीव टांगणीला लागला. न्यायाधीश समंजस निघाले, त्यांनी विषय बदलला आणि काम झालं. विश्व स्वतःभोवती फिरत असेल तर काळातून मागे जाणं गणितानं शक्य आहे, असंही गोडेलनं १९४९ मध्ये आइनस्टाईन यांच्या सिद्धांतावरून दाखवलं. १९५१ मध्ये त्याला आइनस्टाईन पुरस्कार मिळाला. प्राध्यापकपद मात्र १९५३ मध्ये, वयाच्या सत्तेचाळिसाव्या वर्षी.

आणि आडेल? तिच्या वाट्याला काय आलं? परका देश, मोडकंतोडकं इंग्रजी, मूलबाळ नाही. प्राध्यापकांच्या बायकांत ती कधी मिसळली नाही, आणि त्यांनीही तिला आपलं मानलं नाही. एवढ्या थोर माणसाची बायको अशी कशी, हा प्रश्न तिच्या पाठीला चिकटलेला. १९४९ मध्ये त्यांनी छोटं घर घेतलं. तिनं बागेत कुर्टच्या खिडकीसमोर रंगवलेला फ्लेमिंगो पक्षी उभा केला. विद्वान मंडळींना तो भडक वाटला असेल, कुर्टला फार आवडला होता. आईला लिहिलेल्या पत्रात त्यानं त्याचं कौतुक केलं आहे. आईला तो वर्षानुवर्षं पत्रं लिहीत राहिला. १९६१ मध्ये तर मरणानंतरही जीवन का असलं पाहिजे, हे त्यानं आईला पत्रांतून पायरी पायरीनं पटवून दिलं. म्हातारी आई आणि जगातला मोठा तर्कशास्त्रज्ञ, विषय परलोकाचा. मला ते वाचून भरून आलं.

१९५५ मध्ये आइनस्टाईन गेले, १९६६ मध्ये आई गेली. कुर्टची भीती वाढत गेली. आडेलनं केलेलंच तो खायचा. १९७७ च्या जुलैत मॉर्गनस्टर्नही गेले, आणि त्याच सुमाराला आडेल आजारी पडून कितीतरी महिने दवाखान्यात राहिली. घरात कुर्ट एकटा. अन्नाची चव घेऊन दाखवणारं कुणी नाही. त्याचा तर्क सरळ होता : मला विष घालण्याचा कट आहे, हे अन्न तपासलेलं नाही, म्हणून मी ते खाणार नाही. मांडणीत चूक दाखवा बघू! चूक पहिल्या वाक्यात होती. पण ते वाक्य त्याच्या आजारानं लिहिलेलं होतं, आणि आजार युक्तिवादानं खोडता येत नाही. आडेल डिसेंबरअखेर घरी आली, त्याची दशा बघून त्याला दवाखान्यात जायला तयार केलं. फार उशीर झाला होता. १४ जानेवारी १९७८ ला तो गेला. वजन उरलं होतं जेमतेम तीस किलो. उपासमारीनं मृत्यू, असं निदान झालं. त्याची कागदपत्रं आडेलनं त्याच्या संस्थेच्या स्वाधीन केली आणि ४ फेब्रुवारी १९८१ ला तीही गेली. आज अभ्यासक त्याच्या न छापलेल्या टिपणांवर ग्रंथ लिहितात, ते या फार न शिकलेल्या बाईनं ते कागद जपले म्हणून.

मी विचार करत राहिले. पडताळल्याशिवाय कशावरच विश्वास न ठेवणारा हा माणूस चाळीसेक वर्षं एका बाईच्या हातचं जेवला. तिचं प्रेम त्यानं कुठल्या नियमांनी सिद्ध केलं होतं? कुठल्याच नाही. तरी ते खरं होतं, आणि त्याच्यावरच तो जगला.

आता माझी चूक सांगते. आमच्या गावात आम्ही काही जणी मिळून बायकांसाठी सल्ला केंद्र चालवतो. बऱ्याच वर्षांपूर्वी एक तरुण बाई आली. नवरा मारत नव्हता, पण रोज टाकून बोलायचा, माहेरी फोन करू द्यायचा नाही, पैसे मोजून द्यायचा, रात्री दाराला कडी घालून बाहेर बसवायचा. अंगावर वळ नाही, शेजारी बोलायला तयार नाहीत. आमच्या फॉर्मवर पुराव्याचा रकाना होता. तो भरायचा म्हणून मी तिला विचारलं, की पुरावा काय? ती गप्प झाली. मी पुन्हा विचारलं. तिनं पदर सावरला, बघते म्हणाली आणि गेली. परत आली नाही. तेव्हा मला वाटलं होतं, मी काटेकोर वागले.

गोडेलचं प्रमेय संख्यांबद्दल आहे, त्या बाईबद्दल नाही, एवढं तर्कशास्त्र मला अजून आठवतं. प्रमेय दाखवून कोर्टात केस जिंकता येत नाही, तिथे पुरावा लागतोच आणि लागायलाच हवा. पण खरं असणं ही एक गोष्ट आणि सिद्ध करता येणं ही दुसरी, हे मी त्या दिवशी विसरले. रकाना रिकामा राहिला म्हणून मी तिचं म्हणणंच रिकामं धरलं. माझंही पहिलं वाक्य चुकलं होतं.

आता आमच्या फॉर्मवर तो रकाना सगळ्यात शेवटी आहे. आधी तिला पाणी द्यायचं, ती सांगेल ते तिच्या शब्दांत लिहून घ्यायचं आणि तुझं ऐकलं, असं तिला सांगायचं. पुरावा कसा जमवायचा ते मग दोघींनी मिळून बघायचं.

आणि मैत्रिणींनो, घरात कुणाला अन्नात विष दिसत असेल, शेजारी कट करताहेत असं वाटत असेल, तर त्यांच्याशी वाद घालून उपयोग नाही, अंगारा-धुपाऱ्यानंही नाही. त्यांना जिल्हा रुग्णालयात मानसोपचारतज्ज्ञांकडे न्या. आडेलसारखा पहिला घास खाऊन दाखवत राहणारी बाई घरात असेल, तर तिच्याकडेही लक्ष द्या. तिलाही मधूनमधून कुणीतरी वाढून द्यायला हवं.